कडीवरचा हात

“सुंदर,” ब्राम्सन म्हणाले. “प्रकाश बघ कसा आहे. अगदी दुधासारखा.”

मी पडद्याकडे बघत होते. संकलनाच्या टेबलावरच्या त्या वहीएवढ्या पडद्यावर समुद्र वर होता आणि आभाळ खाली. पहिल्याच दिवसाच्या घाईत मी रीळ उलटं चढवलं होतं. एक वयस्कर बाई, पाय वर आणि डोकं खाली, ओल्या वाळूच्या छताला चिकटून मागे मागे चालली होती. मी यंत्र थांबवणारच होते, तेवढ्यात शेजारच्या खुर्चीतून ते पुढे झुकले आणि म्हणाले, “सुंदर.”

मला वाटलं, थट्टा करताहेत.

“सर, तिची चाल ठीक वाटते तुम्हाला?” मी विचारलं.

“उत्तम. मी तिला सांगितलंच होतं, अजिबात घाई करू नकोस.”

मी यंत्र थांबवलं. खोलीत एकदम शांत झालं. बाहेर समुद्रपक्षी ओरडत होते.

“सर, रीळ उलटं लागलंय,” मी म्हटलं. “माणसं डोक्यावर चालताहेत.”

मग त्यांनी चष्मा काढला, सदऱ्याच्या टोकानं काचा नीट पुसल्या आणि पुन्हा डोळ्यांवर चढवला.

“तुला कळायला आठवडा लागेल असं धरून चाललो होतो,” ते म्हणाले. “तू तासाभरात पकडलंस.”

एक्क्याऐंशी सालच्या मे महिन्यातली ही गोष्ट. डेन्मार्कच्या पश्चिम किनाऱ्यावर लिलेविग नावाचं शेदोनशे घरांचं गाव होतं. गावातली दूधडेअरी बंद पडली होती. तिच्या पांढऱ्या फरशीच्या खोलीत संकलनाचं टेबल मांडलेलं. मी एकोणतीस वर्षांची होते. मिरजेची चारुशीला देवस्थळी, पुण्यात संकलन शिकलेली, दोन माहितीपट आणि एक पडलेला मराठी चित्रपट एवढीच माझी कमाई. आणि शेजारच्या खुर्चीत होते थोरवाल्ड ब्राम्सन.

हे नाव आता फारसं कुणाला आठवत नाही. आमच्या वेळी मात्र चित्रपट शिकणारी मुलं ते कानाला हात लावून घ्यायची. नावाड्याचा हा मुलगा. सव्विसाव्या वर्षी त्यांनी पहिली कादंबरी लिहिली, एकोणतिसाव्या वर्षी तिच्यावरच पहिला चित्रपट केला, आणि तो युरोपभर गाजला. त्यानंतर अठरा वर्षांत आणखी सहा चित्रपट. शेवटच्यावर ते चार वर्षं झिजले होते. कोपनहेगनला पहिल्याच खेळाला निम्मं थिएटर मध्यंतराच्या आधी उठून गेलं. मग अकरा वर्षं कुणी त्यांना कॅमेरा दिला नाही. ते कादंबऱ्या लिहीत राहिले, रेडिओसाठी नाटकं लिहीत राहिले, कुणी बोलावलं तर शिकवायला जात. तसेच ते पुण्याला सहा आठवडे आले होते. एकदा मी काम करत असताना पाठीमागे उभे राहिले आणि म्हणाले, “तू स्वतःशी काय पुटपुटतेस?”

“समोर दिसतं ते माझ्या भाषेत बोलते, सर. सवय आहे. वाईट सवय.”

“वाईट नाही,” ते म्हणाले आणि निघून गेले. दोन वर्षांनी पत्र आलं: माझा शेवटचा चित्रपट चित्रित करून झाला आहे. जोडायला तू ये.

त्या पत्रानं मी तरंगत इथवर आले होते. आणि आता खरं कारण ऐकत होते.

मागच्या शरद ऋतूत चित्रीकरण चाललं होतं तेव्हा त्यांना बऱ्यापैकी दिसत होतं. हिवाळ्यात ते गेलं. सगळं नव्हे. नजरेच्या मधोमध एक राखाडी डाग येऊन बसला होता, कडेकडेचं तेवढं दिसायचं. “तुझा कान दिसतो,” ते म्हणाले. “चेहरा नाही. ज्याच्याकडे बघावं ते नाहीसं होतं.” निर्मात्या ग्रेठे लुंड यांना याचा पत्ता नव्हता. जूनच्या शेवटच्या शनिवारी त्या चित्रपट बघायला येणार होत्या. आधी कळलं असतं तर त्यांनी तो दुसऱ्या कुणाच्या हाती दिला असता.

“कोपनहेगनचा संकलक घेतला असता तर संध्याकाळपर्यंत सगळ्या शहरात झालं असतं,” ते म्हणाले.

“म्हणजे मी दूरची, म्हणून?” माझा आवाज चिरकला.

“दूरची म्हणून,” ते शांतपणे म्हणाले. “आणि पुटपुटतेस म्हणून.”

त्या दुपारी मी बॅग भरायला घेतली होती, हे खरं. पण साडी घडी करता करता खिडकीबाहेर बघितलं. ओहोटी लागली होती. समुद्र दोन मैल मागे सरून गेला होता आणि मागे राहिलेल्या ओल्या वाळूत सगळं आभाळ उतरलं होतं. दूर कुणीतरी त्या आभाळावरून सायकल चालवत येत होतं. मी साडी पुन्हा उघडून खुंटीला टांगली.

पहिला आठवडा वाया गेला. मी इंग्रजीत सांगायची: बाई डावीकडून येते, टोपली खाली ठेवते, खिडकीकडे बघते. ब्राम्सन मान हलवायचे आणि कंटाळायचे. माझं इंग्रजी तेव्हा कवायतीसारखं होतं. एके दिवशी त्यांनी टेबलावर थाप मारली.

“हे सामानाची यादी वाचल्यासारखं होतंय. पुण्यात कशी पुटपुटायचीस, तसं सांग. तुझ्या भाषेत.”

“तुम्हाला कळणार नाही, सर.”

“मला शब्द नकोतच. माझा चित्रपट आहे, त्यात काय आहे ते मला पाठ आहे. ते चांगलं आहे की नाही, ते मला ऐकायचंय.”

मला पटलं नाही, पण मी सुरुवात केली. “आली बघा. दमलीय बिचारी. टोपली ठेवली... ठेवली कसली, टाकलीच. आता बघतेय. कुठं बघतेय ही? अगं, खिडकीतनं नाही, खिडकीच्या काचेत बघतेय, स्वतःकडे...”

“कट,” ब्राम्सन म्हणाले.

मी दचकले. यंत्र थांबवून फ्रेम बघितली. अगदी तिथंच, तिच्या नजरेला तिचीच नजर भेटते तिथं, तो शॉट संपायला हवा होता. एक फ्रेम अलीकडे नाही, एक पलीकडे नाही.

“तुझा श्वास थांबला,” ते म्हणाले.

माझे वडील मिरजेत गवयांच्या साथीला पेटीवर बसायचे. ते म्हणत, साथीदारानं सूर ऐकू नये, गवयाचा श्वास ऐकावा, सूर मागोमाग येतोच. डेन्मार्कातल्या एका बंद डेअरीत कुणी माझी अशी साथ करील, असं मला स्वप्नातही वाटलं नव्हतं.

मग सहा आठवडे कसे गेले, ते मला आजही नीट सांगता येत नाही. दिवस संपतच नसत. जेवणं होऊन भांडी विसळली तरी उन्हं खिडकीत रेंगाळत असायची. कधी समुद्रावरून धुकं यायचं. तिथले लोक त्याला ‘हाऊगुस’ म्हणत. भर उन्हात ते चालून यायचं, आणि पाहता पाहता गाव पुसून टाकायचं. मग पांढऱ्या फरशीच्या पांढऱ्या खोलीत आम्ही दोघं, मध्ये पडद्याचा वहीएवढा उजेड, आणि माझी अखंड मराठी. मी बोलायची, ते डोळे मिटून ऐकायचे, आणि मधूनच, झोपेत बोलल्यासारखे म्हणायचे, “कट.” चित्रपट माझ्या बोलण्यातून वर येतोय की माझं बोलणं चित्रपटातून, ते कळेनासं झालं होतं. मला स्वप्नंसुद्धा चित्रपटातल्या दोघी बहिणींचीच पडायची.

चित्रपट दोन बहिणींचा होता. धाकटीनं थोरलीचा विश्वास मोडलेला. काय केलं होतं, ते शेवटपर्यंत कुणी बोलून दाखवत नाही. पुष्कळ वर्षांनी धाकटी परत येते. ओहोटीच्या वाळूतून चालत थोरलीच्या घराशी पोचते. शेवटचा शॉट घरातून घेतलेला: बंद दार, थोरली पाठमोरी, तिचा हात दाराच्या कडीवर येतो, ती दार उघडते आणि धाकटीला जवळ घेते. या शॉटचे चार टेक होते. तिसऱ्या टेकमध्ये थोरलीचं काम करणाऱ्या नटीनं कडीवर हात ठेवला आणि दार उघडलंच नाही. ब्राम्सन ओरडले, तेव्हा ती म्हणाली होती, माझा हात हलेना. तो टेक टाकाऊ तुकड्यांच्या डब्यात पडून होता. आम्ही चौथा लावला.

शनिवारी ग्रेठे लुंड येणार होत्या. त्याच्या आधीच्या गुरुवारी, दुपारी, ब्राम्सन मागच्या घरात झोपायला गेले होते. मी फिल्मवरची धूळ मखमलीच्या फडक्यानं पुसत बसले होते. दार वाजलं.

दारात एक उंच बाई उभी होती. साठी ओलांडलेली, पांढरे केस मुलासारखे आखूड कापलेले. नाक बघितलं आणि कोण असणार ते मला कळलं, ऐकायच्या आधीच.

“मी एलेन,” ती म्हणाली. “थोरवाल्डची बहीण.”

त्यांना बहीण आहे हे सात आठवड्यांत त्यांनी एकदाही सांगितलं नव्हतं.

“ते झोपलेत. उठवू?” मी विचारलं.

“नको. तो झोपतो तेव्हाच आले. या वेळी त्यानं काय केलंय, ते मला बघायचंय.” त्या इंग्रजी सावकाश बोलायच्या, पण स्वच्छ. तीस वर्षं टेलिफोन एक्स्चेंजमध्ये काढली होती, असं पुढे कळलं.

दिग्दर्शकाला न विचारता अपुरा चित्रपट कुणाला दाखवायचा नसतो. ते मला माहीत होतं. तरी मी खुर्ची पुढे ओढली.

एलेनबाई पाठ ताठ ठेवून, हात गुडघ्यांवर ठेवून दीड तास बसल्या. एकदाही हलल्या नाहीत. मी डॅनिश संवाद ऐकत होते आणि सवयीनं माझे ओठ हलत होते. शेवटी दार उघडलं, दोघी बहिणी एकमेकींच्या गळ्यात पडल्या, पडदा पांढरा झाला.

“दार उघडलं,” एलेनबाई म्हणाल्या.

“हो.”

“कुणी उघडलं?”

मला प्रश्न समजला नाही. “थोरल्या बहिणीनं.”

“नाही. थोरवाल्डनं उघडलं.” त्यांचा आवाज जराही चढला नव्हता. “मी एकोणीस वर्षांची असताना मला मूल झालं. लग्नाशिवाय. दूरच्या गावी जाऊन मी ते दुसऱ्यांना देऊन आले. आईला माहीत होतं, आणि थोरवाल्डला. त्याला मी वडिलांच्या नावेत बसून सांगितलं होतं, कारण कुणाला तरी सांगायलाच हवं होतं, आणि तो सोळा वर्षांचा होता. दहा वर्षांनी त्याचं पुस्तक आलं. त्यात नाव बदललं होतं. बाकी काही बदललं नव्हतं. गावातल्या ज्या मास्तरांशी माझं लग्न ठरलं होतं, त्यांनी ते एका बैठकीत वाचून काढलं आणि दुसऱ्या दिवशी पुस्तक माझ्या हातात आणून ठेवलं. एक शब्द बोलले नाहीत. मग त्याचा चित्रपट झाला. तो तर वाचता न येणाऱ्यांनीही बघितला.”

मी हातातल्या मखमलीच्या फडक्याची घडी केली.

“आणि आता हा.” त्यांनी पांढऱ्या पडद्याकडे मान वळवली. “यात त्यानं माझ्या वतीनं स्वतःलाच माफ करून टाकलंय. मागच्या वेळीही त्यानं मला विचारलं नव्हतं.”

त्या उठल्या. कोटाची बटणं लावता लावता दारापाशी थांबल्या.

“दार उघडायच्या आधी तिचा हात कडीवर असतो ना, तेवढं मात्र खरं आहे,” त्या म्हणाल्या. “तेवढं त्याला कुठून कळलं कोण जाणे.”

त्या गेल्यावर मी टाकाऊ तुकड्यांचा डबा उपसला. तिसरा टेक सापडला. पडद्यावर लावला. मग चौथा सोडवला आणि तिसरा जोडला. हे करताना माझ्या मनात काय होतं, ते मी कितीदा आठवून पाहिलं आहे. एवढं आठवतं की मला भीती वाटत होती, ती पकडलं जाण्याची नव्हे. पकडलं जाण्याचा प्रश्नच नव्हता. मी काहीही जोडू शकत होते आणि तोंडानं काहीही सांगू शकत होते. त्याचीच भीती वाटत होती.

शुक्रवारी सकाळी ब्राम्सन येऊन बसले. “शेवटचं रीळ एकदा ऐकू दे,” ते म्हणाले. ते कधी ‘बघू दे’ म्हणत नसत.

मी यंत्र सुरू केलं. “दार आहे,” मी मराठीत म्हणाले. “जुनं, खालून रंग उडालेलं. थोरली उभी आहे, आपल्याकडे पाठ करून. बाहेर वाळूत पावलं वाजताहेत. ओळखलीत तिनं. हात वर येतोय... कडीवर आला. बोटं मिटली. थांबला. अजून थांबलाय. अंगठा हलला... नाही, हलला नाही, नुसता पांढरा पडलाय. पाठ बघा तिची. पाठीला सगळं ऐकू येतंय. बाई गं, उघड की. नको उघडूस. उघड...”

ब्राम्सननी डोळे उघडले. “दार कधी उघडणार?” त्यांनी इंग्रजीत विचारलं. “इथे तू रोज श्वास सोडतेस.”

“उघडत नाही, सर.”

“हा तिसरा टेक आहे.”

“हो.”

“ती चूक होती. मी टाकून दिलेली.”

“डब्यातून मी काढली.”

ते उठून उभे राहिले. त्यांना इतकं संतापलेलं मी पाहिलं नव्हतं. “तुला मी डोळे म्हणून आणलं! माझ्या चित्रपटाचा शेवट तू ठरवणार? तुझ्या जागी कुत्रा पाळला असता तर त्यानंही मला फसवलं नसतं!”

“फसवायचं असतं तर सांगितलं नसतं,” मी म्हटलं. “मी आहे ते सांगितलं. तुम्ही म्हणाल तर आत्ता पुन्हा चौथा लावते. चित्रपट तुमचा आहे. पण तुमच्या बहीण काल इथे आल्या होत्या.”

खुर्चीची पाठ त्यांनी चाचपडली आणि ते खाली बसले.

“काय म्हणाली?”

मी शब्द न् शब्द सांगितला. पुस्तकाचं, मास्तरांचं, नावेतलं. माफीचंही सांगितलं. ते समोर बघत होते, म्हणजे कुठेच नाही.

“चौथा लाव,” शेवटी ते म्हणाले.

मी लावला. सांगायला लागले. दार, पाठ, पावलं, हात, कडी. दार उघडलं. गळाभेट झाली. माझं मलाच ऐकू येत होतं, रेल्वे स्टेशनवरच्या घोषणेसारखं.

“आज वाचून दाखवल्यासारखी का बोलतेस?”

“मला दिसतंय तेच सांगतेय, सर.”

त्यांनी हात वर केला. मी यंत्र बंद केलं. खिडकीबाहेर उन्हाच्या अंगावर धुकं चालून येत होतं. कुंपण गेलं, रस्ता गेला.

“ती कशी दिसते?” त्यांनी विचारलं. “इंग्रजीत सांग. या वेळी मला शब्द हवेत.”

मी माझ्या कवायतीच्या इंग्रजीत सांगितलं. उंच. ताठ. केस आखूड, पांढरे. करड्या कोटाला एक बटण वेगळ्या रंगाचं. बोटं लांब, अंगठी नाही. डावी भुवई मध्ये तुटलेली, तिथे जुन्या जखमेचा व्रण.

“तो मी केलेला. वल्हं मारलं होतं. मी सहा वर्षांचा होतो, ती नऊ.” ते थांबले. “तेव्हाही रडली नव्हती. काल रडली?”

“नाही.”

“ती रडत नाही. म्हणूनच मला वाटायचं, तिला काही होत नाही.” त्यांनी चष्मा काढून हातात धरला. “लिहिताना मी स्वतःला सांगत होतो की हे मी तिच्यासाठी लिहितोय. खरं म्हणजे ते फार चांगलं जमत होतं, एवढंच. इतकं चांगलं पुन्हा मला कधी जमलं नाही. या गावात राहायला येऊन दोन वर्षं झाली. बांधापलीकडे तिचं घर. रोज सकाळी ठरवतो, आज जायचं. आणि मग त्याऐवजी चित्रपट लिहायला बसतो.”

मी टेबलाचा दिवा मालवला.

“अजून दिसत असतं तर बहुधा आणखी एक लिहिला असता,” ते म्हणाले आणि उठले. “थांब, कपडे बदलून येतो. मग मला तिकडे ने.”

मी मदतीला येऊ का विचारलं, तर नको म्हणाले. अर्ध्या तासानं आले ते काळा कोट घालून, भांग पाडून, लग्नाला निघाल्यासारखे. त्यांनी माझ्या दंडाला धरलं आणि आम्ही धुक्यात शिरलो.

ती वाट दहा मिनिटांची असेल. मला ती फार लांब आठवते. पायाखाली गवत होतं की वाळू, दिसत नव्हतं. मेंढ्या अचानक समोर यायच्या आणि विरघळायच्या. त्या वाटेवर दोघांनाही सारखंच दिसत होतं, म्हणजे कडेकडेचं. ब्राम्सन काहीतरी पुटपुटत होते. मला वाटलं, काय बोलायचं त्याची तालीम करताहेत. नंतर लक्षात आलं, ते पावलं मोजत होते.

बांधापलीकडे एक हिरवं दार धुक्यातून वर आलं. त्यांनी माझा दंड सोडला, दोन पावलं पुढे झाले आणि दार वाजवलं.

आतून पावलं आली. दारापाशी थांबली. कडीचा लोखंडी आवाज झाला, आणि मग काहीच झालं नाही. ब्राम्सन हलले नाहीत. त्यांनी हाक मारली नाही, पुन्हा दार वाजवलं नाही. आयुष्यभर माणसांना इकडून तिकडे चाला, हसा, थांबा म्हणून सांगणारा तो माणूस, पत्र घेऊन आलेल्या पोस्टमनसारखा नुसता उभा होता. किती वेळ, ते मी मोजलं नाही.

मग दार उघडलं.

एलेनबाईंनी त्यांच्याकडे बघितलं. डोक्यापासून खाली, सावकाश, थेट पायांपर्यंत. त्यांची नजर तिथेच थांबली. मग त्या एक वाक्य बोलल्या. एवढं डॅनिश मला तोवर येत होतं.

“थोरवाल्ड, तुझा एक बूट काळा आहे आणि एक तपकिरी.”

मी खाली बघितलं. खरंच होतं. सात आठवडे मी त्यांचे डोळे म्हणून वावरत होते, आणि अख्खी वाट चालून मला ते दिसलं नव्हतं.

“मला दिसत नाही, एलेन,” ब्राम्सन म्हणाले.

एलेनबाईंनी माझ्याकडे बघितलं. मी मान हलवली.

“केव्हापासून?”

“हिवाळ्यापासून.”

धुकं दारातून आत जात होतं. एलेनबाईंनी हात पुढे केला आणि त्यांच्या कोटाची बाही धरली. हात नाही धरला, बाही धरली.

“पायरी उंच आहे,” त्या म्हणाल्या. “पाय वर घे. अजून. हां.”

दार लागलं. मी एकटी परत आले, दोनदा वाट चुकून.

शनिवारी ग्रेठे लुंड गाडीतून उतरल्या. त्या कोट काढायच्या आधीच ब्राम्सननी त्यांना सांगून टाकलं, “मला दिसत नाही, ग्रेठे. हा चित्रपट या मुलीच्या आवाजावर जोडलाय. आधी बघ, मग काय ते ठरव.” शेवटी तिसरा टेक होता. बदलू नको, असं त्यांनीच त्या सकाळी सांगितलं होतं. ग्रेठेबाईंनी सगळं बघितलं, खिडकीशी जाऊन एक सिगरेट पूर्ण ओढली, आणि एवढंच विचारलं की शेवटच्या शॉटमध्ये थोडा उजेड वाढवता येईल का.

चित्रपट लागला. कुणी लिहिलं, ब्राम्सन म्हातारपणी निष्ठुर झाले. कुणी लिहिलं, हाच त्यांचा सगळ्यांत चांगला. त्यांनी पुढे काही केलं नाही. पुस्तकही लिहिलं नाही. मी पुण्याला परतले, आणि नंतर चाळीसेक चित्रपट जोडले. काम करताना मी अजून पुटपुटते. हाताखालची मुलं हसतात.

तीन वर्षांनी नाताळच्या सुमारास मी एलेनबाईंना पत्र लिहिलं. इकडचं तिकडचं लिहून झाल्यावर, विचारू नये ते विचारलंच: तुम्ही त्यांना माफ केलंत का?

उत्तर दोन महिन्यांनी आलं. टेलिफोनवरच्या बाईसारखंच, मोजकं. हवा खराब आहे, गुडघा दुखतो, बाग पाण्याखाली गेली. शेवटी लिहिलं होतं:

“तू विचारलेल्या गोष्टीचं उत्तर मला माहीत नाही. गुरुवारी तो माझ्याकडे जेवायला असतो. गुरुवारी इथे मासे करतात. त्याला काटे दिसत नाहीत, म्हणून ते मी काढून देते.”